चेहरा पुसला तरी

माझा चेहरा पुसलेला होता, तरी अख्ख्या इमारतीनं मला ओळखलं कसं?

यंदा आमच्या गच्चीवर ‘राखण्या’ हा यंत्रमानव आला. वाळवण पळवणाऱ्या माकडांना हाकलायचं, हे त्याचं काम. गच्चीचं चित्र तो घरोघरी दाखवायचा, पण माणसांचे चेहरे धूसर करून. त्यामुळे सगळे अगदी निर्धास्त होते.

मी बोलताना अडखळते. येत्या शनिवारी शाळेत माझं भाषण आहे, म्हणून मी दुपारी गच्चीवर पापडांसमोर सराव करायचे. शब्द अडला की पाय आपटायचे. एकदा जिन्यात खालच्या मजल्यावरचे ढवळे काका म्हणाले, “काय अन्विता, आज पापडांवर चिडली होतीस वाटतं?” त्यांनी थट्टा केली, पण मला रडूच कोसळलं. भाषण करायचंच नाही, असं मी ठरवून टाकलं.

राखण्या बनवणाऱ्या भिसे आजी आमच्या शेजारीच राहतात. मी त्यांना सगळं सांगितलं, तेव्हा त्यांनी मला एक चित्रफीत दाखवली. त्यात बिनचेहऱ्याची तीन माणसं चालत होती.

“मधला कोण?”

“बाबा. ते डावा खांदा पाडून चालतात.”

“बघ, चालओळख (चालण्याच्या ढबीवरून माणूस ओळखणं) तुलाही जमते. मी चेहरा पुसला आणि चाल तशीच ठेवली. चुकलंच माझं.”

“मग आता चालही पुसणार?”

“चित्र पाठवायचंच कशाला? माकड आलं की नाही, एवढंच हवंय ना आपल्याला? मग जागीच तपासणी (चित्र बाहेर न पाठवता यंत्रानं स्वतःच बघून ठरवणं) करायची. राखण्यानं उत्तर तेवढं कळवायचं आणि चित्र लगेच खोडून टाकायचं.”

सोसायटीच्या सभेत आजींनी हा बदल सुचवला, तेव्हा ढवळे काका म्हणाले, “चित्र का नको? लपवण्यासारखं आहे काय?”

आजी बोलणार, तेवढ्यात मीच उभी राहिले.

“ल... लपवायचं काही नाही, काका. म... मला चुकायला जागा हवीय.”

कुणीच हसलं नाही. काकांनी मान खाली घातली आणि आजींच्या सूचनेच्या बाजूनं सर्वांत आधी हात वर केला.

आता दुपारी घरोघरच्या पडद्यावर एवढंच उमटतं: ‘माकड नाही. वाळवण सुरक्षित.’ त्या वेळी वर मी असते. ‘प’ अजून अडतो, पण शनिवारला चार दिवस आहेत.