ठेंगूच्या वाटणीचे गुण

ही हकीकत रचलेली नाही. ज्याच्यावर ती गुजरली तो माणूस आजही चष्म्याच्या दुकानाच्या मागच्या खोलीत बसून काचा घासतो. कोणी विषय काढलाच, तर मान वर न करता एवढेच म्हणतो, "झालं ते झालं. कुणाला पटवून द्यायचं नाही मला."

शनिवार होता. हिवाळा नुकताच लागलेला. दिवेलागणीची वेळ. तिसऱ्या मजल्यावरच्या दोन खोल्यांच्या घरात हा कारागीर एकटाच होता.

एकटा... असे त्याला वाटत होते.

बायको जाऊन महिना उलटला होता. ती इस्पितळात परिचारिकांची प्रमुख होती. कोणाची पाळी कधी, कोणाला सुटी, कोणाला जड वॉर्ड, हे सारे तीच ठरवी. सगळे तिला मेट्रन म्हणत. घरात तोही तेच म्हणे. उंचीने एवढीशी, पण ती वॉर्डात शिरली की मोठमोठे डॉक्टरही आवाज खाली आणत.

दोघांना मूलबाळ नव्हते. संध्याकाळ भरून काढायला एक व्हिडिओ गेम होता.

चौघांची टोळी घेऊन धुक्याच्या मुलखातून चालत जायचे, आणि शेवटी एका काळ्या दरवाजातून आत शिरायचे. एवढाच तो खेळ. वाटेत लढाया. प्रत्येक लढाईनंतर साऱ्या टोळीला मिळून गुण मिळत. ते कोणाला द्यायचे, कोणाची लेव्हल वाढवायची, हे खेळणाऱ्याने ठरवायचे. एकदा दिलेले गुण परत घेता येत नसत.

टोळीतल्या चौघांना नावे तिनेच दिली होती. म्हातारा वैद्य तो काका. ढाल घेऊन पुढे चालणारा तो पैलवान. तलवारवाला सरदार म्हणजे नवरा. आणि सर्वांत मागे, धनुष्य घेतलेली बुटकी पोर, ती ठेंगू. म्हणजे ती स्वतः.

कामाचीही वाटणी होती. लढाई त्याची, गुणांचे वाटप तिचे. लढाई संपली की तो हातातला बटणांचा पॅड सोफ्यावर तिच्या बाजूच्या उशीवर ठेवी आणि चहा टाकायला आत जाई. चहा घेऊन येईपर्यंत निकाल लागलेला असे.

"पुन्हा काकांना? अगं, मर मर मरतो मी. मला दे की थोडे."

"तुला कशाला? तुला काय धाड भरलीये?"

"टोळीचा सरदार आहे मी."

"असशील. ज्याचा जीव कमी, त्याला आधी. माझ्या वॉर्डात वशिला चालत नाही."

"आणि ठेंगूला?"

"ठेंगूचं बघू नंतर."

ते नंतर कधी आलेच नाही. काका वाढले, पैलवान वाढला, सरदारालाही कधीमधी काही मिळाले. ठेंगू होती तिथेच राहिली.

मग आजार आला. अंगातले बळ तो थोडे थोडे करून काढून नेऊ लागला. तरी संध्याकाळी ती सोफ्यावर येऊन बसे. गुडघ्यांवर शाल, हातात पॅड. शेवटच्या दिवशीही बसली होती. त्याने लढाई जिंकली, पॅड उशीवर ठेवला, आत गेला. दूध वर येत होते, तेव्हा बाहेरून तिची हाक आली.

"अरे, जरा ये ना इकडे."

इतक्या मऊ आवाजात तिने त्याला कधीच हाक मारली नव्हती. तो धावला.

त्या लढाईचे गुण वाटायचे राहून गेले.

महिन्याभराने, त्या शनिवारी, त्याने टीव्ही लावला. का लावला, ते त्यालाही सांगता येत नाही. खेळ जिथे सोडला होता तिथेच उघडला. चौघे ओळीने उभे. खाली तिच्या हातून वाटायचे राहिलेले गुण.

बोटाच्या नुसत्या स्पर्शाने काचेचा नंबर ओळखणारा तो माणूस. त्याला बटण दाबवेना.

शेवटी हाताने जे वर्षानुवर्षे केले तेच केले. पॅड तिच्या उशीवर ठेवला. पायांनी त्याला स्वयंपाकघरात नेले.

पातेल्यात पाणी. साखर. चहापत्ती.

आणि बाहेरून...

टिक्.

तो थांबला. गॅसचा सूं सूं आवाज तेवढा चालू होता.

टिक्... टिक्.

पॅडच्या बटणाचा आवाज. घाई नाही, घोळ नाही. विचार करून, थांबून, पुन्हा दाबलेले बटण.

तो बाहेर आला. खोलीत कोणी नव्हते. दार आतून लावलेले. पॅड उशीवरच होता.

गुण मात्र वाटून झाले होते.

सगळेच्या सगळे... सरदाराला.

त्याने उशीवर हात ठेवला. उशी मधोमध दबलेली होती. त्याच्या डोळ्यांदेखत ती सावकाश वर आली, कोणीतरी नुकतेच उठून जावे तशी.

भीती वाटली का? वाटली. पण भीतीच्याही आधी छातीत जे हलले, त्याला भीती म्हणत नाहीत.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळ होताच त्याने हातपाय धुतले आणि लढाई घेतली. जिंकला. पॅड उशीवर ठेवला. आत गेला.

टिक्... टिक्.

पुन्हा सरदाराला.

तिसऱ्या दिवशीही तेच. चौथ्या दिवशी तो आत गेलाच नाही, तिथेच बसून पाहत राहिला. काहीच झाले नाही. पॅड पॅडसारखा पडून राहिला. कंटाळून तो उठला, उंबरठा ओलांडला, आणि पाठीमागे आवाज सुरू झाला. आयुष्यभर ती अशीच होती. आपण ठरवत असताना कोणी डोक्यावर उभे राहिलेले तिला खपत नसे.

एकदाच त्याने वेगळे केले. लढाई संपल्यावर पॅड खाली ठेवलाच नाही. सगळे गुण स्वतःच्या हाताने ठेंगूला देऊन टाकले. "घे," तो रिकाम्या खोलीला म्हणाला, "कधीतरी स्वतःचंही बघ."

मग चहा टाकला.

बाहेर... काही नाही.

उशी सपाट. पॅड थंड. घरात अशी शांतता की नळाच्या तोंडाशी थेंब जमताना ऐकू यावा. त्या संध्याकाळी ती आली नाही. वाटायला काही उरलेच नव्हते, तर येईल कशाला?

त्या दिवसापासून त्याने वाटपाला हात लावला नाही.

पुढच्या रविवारी मेहुणी आली. मेट्रनची धाकटी बहीण. केस कापायचे दुकान चालवी. बोलायला फटकळ, रडायला हळवी. त्याने तिला सारे सांगितले. तिने पर्स मांडीवर घट्ट धरून ऐकून घेतले.

"भावोजी, जेवताय ना वेळेवर?"

"वेड लागलेलं नाही मला."

"तसं नाही म्हटलं. आरशात बघितलंत का स्वतःला? मानेवर जंगल झालंय. ताई असती तर कात्री घेऊन मागे लागली असती."

"ती आहे," तो म्हणाला. "चहा टाकूया, चल."

त्याने एक लढाई जिंकली, पॅड ठेवला, आणि दोघे आत गेले. ओट्यापाशी मेहुणी हाताची घडी घालून उभी राहिली. तोंडावर समजूतदार हसू. आजाऱ्याला भेटायला गेल्यावर माणसे चढवतात तसले.

टिक्.

हसू तसेच राहिले. त्यामागचे माणूस मात्र कुठल्या कुठे गेले.

टिक्... टिक्.

"ताई?" ती हळूच म्हणाली.

आवाज थांबला. मग, जरा वेळाने, पुन्हा सुरू झाला. काम चालू असताना कोणी मध्ये बोलले की मेट्रन असेच करी. हात थांबवायची, उत्तर द्यायची नाही, आणि काम पुढे न्यायची.

दोघे बाहेर आले. मेहुणीने पडद्याकडे पाहिले, मग उशीकडे. उशी वर येत होती.

"सरदाराला दिलेत," ती म्हणाली.

"रोज त्यालाच देते."

"पण ताई तर..." तिने त्याच्याकडे पाहिले. "जो पडायला आलाय त्याला द्यायची ना ती?"

"हो."

आत चहा उतू गेला. त्याचा जळका वास खोलीत पसरला, तरी दोघेही जागचे हलले नाहीत.

जाताना मेहुणी दारात घुटमळली. "भावोजी, माझ्याबद्दल काही... म्हणजे शेवटी शेवटी मला यायला जमलं नाही. ती चिडलीये का हो?"

"ती बोलत नाही गं. नुसती वाटते."

मेहुणीने मान डोलावली. मग कसला तरी हिशेब मनात उगवावा तशी ती थबकली. "आणि सरदार पूर्ण भरला की?"

हा प्रश्न त्याने स्वतःला विचारायचे टाळले होते.

खेळात प्रत्येकाला शेवटची लेव्हल असते. तिच्यापुढे एकही गुण घेता येत नाही. काका आणि पैलवान केव्हाच तिथे पोचले होते. सरदार पोचत आला होता. त्यानंतर गुण घ्यायला एकटी ठेंगू उरणार. आणि ठेंगूला तर ती कधीच काही देत नसे.

म्हणजे ज्या दिवशी सरदार भरला, त्या दिवशी तिचे काम संपले.

तेव्हापासून तो उलटा खेळू लागला. मोठ्या लढाया टाळू लागला. काळ्या दरवाजाकडे पाठ करून, पहिल्या गावाच्या नदीवर परतून, चिमूटभर गुण देणारे खेकडे मारू लागला. शेवटच्या लेव्हलला टेकलेला, नखशिखान्त पोलादात मढलेला सरदार, आणि समोर खेकडे. मेट्रनने पाहिले असते तर पोट धरून हसली असती. पाहत असेलच, असे वाटून एकदा तो स्वतःच हसला. मग बराच वेळ त्याला हसू आवरता आले नाही, आणि ते हसू हसू राहिले नाही.

पण चिमटीचिमटीनेही पोते भरते.

सरदार भरायला चिमूटभरच उरले, त्या संध्याकाळी त्याने एक खेकडा मारला आणि पॅड उशीवर ठेवला. हात उचलवेना. "आज थोडे हातचे राख," तो म्हणाला. "उद्याला राहू दे."

तो आत गेला. गॅस पेटवला. पातेले ठेवलेच नाही. नुसत्या निळ्या ज्योतीकडे पाहत उभा राहिला.

टिक्.

थांबली.

टिक्... टिक्... टिक्...

आज जास्त वेळ लागत होता. एकामागून एक बटणे. सरदाराला एवढी लागत नाहीत, हे त्याला कळत होते. ती आणखी काहीतरी करत होती. त्याने जागचे न हलण्यासाठी ओट्याची कड धरून ठेवली.

मग आवाज बंद झाला.

तो बाहेर आला. सरदार काठोकाठ भरलेला होता. त्याच्या शेजारी काका. पैलवान.

चौथी जागा... रिकामी.

पॅड तिच्या उशीवर नव्हता. तो सोफ्यावर त्याच्या जागेवर ठेवलेला होता, त्याच्या हातात येईल अशा बेताने.

त्याने खेळातला तळ उघडला. टोळीतून वगळलेले गडी तिथे थांबतात. शेकोटीपाशी ठेंगू बसली होती. धनुष्य बाजूला ठेवलेले. तो जवळ गेला, बटण दाबले. ती बोलली.

"तुम्ही व्हा पुढे. मी आहे इथे."

मागे राहणारा प्रत्येक गडी हेच वाक्य बोलतो. खेळ बनवणाऱ्यांनी कुठल्याशा नटीकडून ते कधीच बोलून घेतलेले असणार. मेहुणीने चौकशी करून त्याला तसे सांगितलेही. त्याला ते मान्य आहे.

ठेंगूला पुन्हा सोबत घ्यायचे तर एकच बटण पुरेसे आहे. ते त्याने दाबले नाही. तिने ठरवलेले आजवर त्याने कधी फिरवले नव्हते. आणि काळ्या दरवाजाकडेही तो गेला नाही.

उशी त्यानंतर पुन्हा दबली नाही.

परवा मेहुणी त्याचे केस कापत होती. खांद्यावर टॉवेल, फरशीवर वर्तमानपत्र. टीव्हीवर शेकोटी जळत होती.

"मग रोज काय करता आता?" तिने विचारले.

"तिच्यापाशी बसतो. बोलती करतो."

"काय म्हणते?"

"तेच. दुसरं वाक्यच नाही तिला."

"मग झालं तर. रेकॉर्ड केलेला आवाज तो."

त्याने पॅड उचलला. कात्री त्याच्या कानाशी थांबली होती.

"मी शेकोटीपासून एक पाऊल हललेलो नाही," तो म्हणाला. "टीव्हीचा आवाजही कमी केलेला नाही. तूच बघ." त्याने बटण दाबले.

दोघांनी कान दिले.

"कालपेक्षा लांबून आला," तो म्हणाला.