डाव्या अंगठ्याखालचा मासा

त्या दुपारी मी आरसा पुसत होते, एवढंच. आमच्या ओमेर गावात आरसा पुसणं हे माझं काम. सासूनंतर ते माझ्याकडे आलं.

आमची मिठागरं, पुढे खाजणाची खारी दलदल, त्यापुढे समुद्र. होड्या घेऊन गेलेली सगळीच माणसं परत येत नाहीत. मग घरचे आरसाघरात येतात. मी गेलेल्याचं नाव घेऊन काशाच्या आरशावर फुंकर मारते. जिवंत माणूस पाठमोरा दिसतो. तो आपल्या कामात असतो, आपल्याकडे बघायला त्याला फुरसत नसते. मेलेला मात्र तोंड वळवून बघत बसतो. त्याला दुसरं काय काम?

तोंड दिसलं की घरचे दाराला मीठ लिंपतात. पुढे त्या माणसाच्या आवाजात कोणी कितीही हाका मारल्या तरी दार उघडायचं नाही, माळ्यावरून पेटत्या गोवऱ्या फेकायच्या. माझ्या शब्दावर सतरा दारं लिंपली गेली. त्यातल्या सहा दारांवर पुढे थापा पडल्या, आणि सहाही वेळा गोवऱ्या पडल्या.

माझा मुलगा तिसूक नऊ वर्षांपूर्वी होडी घेऊन गेला. रोज सकाळी पहिली फुंकर त्याच्या नावाची. रोज त्याची पाठ दिसायची, मानेवरचे कुरळे केस दिसायचे. तेवढ्यावर मी जगत होते.

तर त्या दुपारी लोहीन आली. तीन वर्षांपूर्वी तिच्या नवऱ्याचं, बेरालचं, तोंड मीच बघितलं होतं. आणि आता तिच्या मागे बेराल उभा होता.

"काल दार वाजवलं यानं. मी उघडलं," ती म्हणाली.

"भीती नाही वाटली?"

"तीन वर्षं एकटी झोपतेय, मावशी. आता कसली भीती वाटायची?"

त्याला ओसरीवर बसवून मी गरम पेज दिली. पहिल्याच घोटाला जीभ भाजली आणि त्यानं पेजेला अशी शिवी हासडली की आम्ही दोघी हसलो. मेलेल्याची कुठे जीभ भाजते? तुझा आरसा म्हातारा झाला आणि तूही, असं लोहीननं मला सुनावलं. मी ऐकून घेतलं. चूक झाली होती आणि ती किती गोड होती!

मग वाडग्यातून मान वर न करता बेराल म्हणाला, "तिसूक भेटला होता. येतोय मागनं."

मी आत धावले. फुंकर मारली. पाठ, कुरळे केस, सगळं रोजच्यासारखं. आनंदानं मला रडू फुटलं, आणि रडता रडताच मनात आलं की याच आरशानं बेरालचं तोंड दाखवलं होतं. तो त्याच्या बाबतीत चुकला असेल, तर ही पाठ तरी...

आरसा दोन्ही बाजूंनी सारखाच गुळगुळीत आहे. वर्षातून एकदा तो राखेनं घासायचा, डोळे बांधून, दोघींनी मिळून. एकीनं घासायचं, दुसरीनं तो फिरू द्यायचा नाही. सासू गेली त्या वर्षी मी एकटीनंच घासला, पुढे कधी घासलाच नाही. त्याच्या कडेला बोटाला लागेल असा एक मासा कोरलाय. टांगताना तो डाव्या अंगठ्याखाली यायला हवा. मी चाचपलं. मासा उजव्या अंगठ्याखाली होता.

दहा वर्षं आरसा उलटा टांगलेला होता, आणि उलटी बाजू सगळं उलटंच दाखवते. म्हणजे ज्यांची तोंडं मला दिसली ते सगळे जिवंत होते. गोवऱ्या जिवंत माणसांवर पडल्या, आणि ती खाजणात परत गेली. पण खोटं कशाला बोलू, त्या क्षणी मला त्यांचं काहीच वाटलं नाही. मला फक्त तिसूकची पाठ दिसत होती.

मी आरसा सुलट केला आणि फुंकर मारली.

तिसूक माझ्याकडे बघत होता. केसांतून पाणी गळत होतं. नऊ वर्षं तो असाच बघत असणार.

मग मी बेरालचं नाव घेतलं, का ते ठाऊक नाही. तोही माझ्याकडेच बघत होता. मी त्याला मेलेला ठरवलं तेव्हा तो जिवंत होता. आता नव्हता.

बाहेर पेजेचे भुरके थांबले.

"मावशी," ओसरीवरून हलकेच बेरालचा आवाज आला, "दार उघडं ठेव हां... त्याला कडी काढता येत नाही."

लोहीन बेरालला घेऊन घरी गेली. जाताना त्याच्या दाढीतली शितं पुसत होती. मी तिला काही सांगितलं नाही. सांगायला हवं होतं. दाराला मीठ लिंपायला हवं होतं, हा रिवाज माझ्याहून चांगला कोणाला माहीत आहे? पण दुसऱ्यांची सहा माणसं हाकलून झाली होती. स्वतःचं मूल मला हाकलवेना. मी कडी लावली नाही.

तेव्हापासून रोज दुपारी जमिनीवर ओली, खारट पावलं उमटतात. रोज एक पाऊल अधिक आत. बोटं दाराकडे असतात आणि टाचा माझ्याकडे. कोणीतरी उलटं चालत आत येतंय, मला त्याची पाठच दिसावी म्हणून.

आज ती माझ्या पाटापर्यंत आली आहेत.