सवसनच्या घरातला स्फटिक

विचारलंत म्हणून सांगतो. आजवर कोणाला सांगितलं नाही, कारण भीतीपेक्षा लाजच जास्त वाटते.

त्या दुपारी मी सवसनवहिनीकडे पिठाचं पोतं पोचवायला निघालो होतो. पामीरच्या डोंगरातल्या आमच्या गावात तिचं घर सगळ्यात वर, नदीचा आवाजही जिथं पोचत नाही असं. तिचा नवरा खुदोयार आणि मी, दोघांनी मिळून वीस वर्षं स्फटिक खणले. महिन्यापूर्वी तो एका उभ्या भुयारात उतरला, दोर तुटला आणि तो गेला. निदान गावाला मी तसंच सांगितलं होतं.

"पोतं तू आणलंस कदमशो, की पोत्यानं तुला आणलं?" दारात वहिनी म्हणाली. थट्टेची सवय गेली नव्हती. आवाज मात्र खोल गेला होता.

आत मीठ घातलेल्या दुधाच्या चहाचा वास होता. वहिनीनं मुठीएवढा स्फटिक माझ्यापुढं ठेवला. आठवड्यानं खुदोयारचं प्रेत वर काढलं, तेव्हा त्याच्या कोटात निघालेला.

"छपराच्या झरोक्यातून ऊन पडलं की दिसतं... बघ."

आधी नुसतं धुकं दिसलं. मग चूल दिसली, लाकडी खांब दिसला. हीच खोली. खांबाला टेकून खुदोयार बसला होता, पायाला फळ्या बांधलेल्या, हसत. आणि त्याच्या शेजारी मी. माझ्या दोन्ही तळव्यांवर मनगटापर्यंत पट्ट्या होत्या. मी आणखी खाली वाकलो. तेवढ्यात पाठीमागून, जिथं कोणी नव्हतं तिथून, त्याच्या तंबाखूचा वास आला.

"आधी वाटलं, माझंच डोकं फिरलं," वहिनी हळू म्हणाली. "पण तिथंही दिवस पुढं सरकतात. त्याचा पाय बरा होतोय. तू रोज येतोस त्याला बघायला... एकच कळत नाही. तिथं तुझे हात कशानं सोललेत?"

मी हात कोटाच्या खिशात घातले. त्यांवर एक ओरखडाही नव्हता.

दोर तुटला नव्हता. वरून दगड सुटले, खुदोयार ओरडला, दोर माझ्या मुठीतून सरसरत निघाला. चटका बसला, आणि मी सोडून दिला. नंतर वर उरलेला दोर चाकूनं कापला आणि त्याचं टोक पिंजून ठेवलं, तुटल्यासारखं दिसावं म्हणून.

वहिनी वाट बघत होती. तिला सगळं कळलं होतं, फक्त ते माझ्या तोंडून हवं होतं.

"काय माहीत, वहिनी," मी म्हणालो.

ती रागावली असती तर बरं झालं असतं. तिनं चहाची वाटी माझ्यापुढं सरकवली. मग म्हणाली, "चहा घे." मी न घेताच निघालो.

तिसऱ्या दिवशी शेजाऱ्यांनी मला हाका मारल्या. वहिनीच्या दाराला आतून कडी होती. आम्ही दार फोडलं. चुलीवर दूध नुकतं वर येत होतं, उंबऱ्यापाशी तिचे बूट होते. ती नव्हती. लोक नदीकडे धावले. मी मागं राहिलो आणि उन्हात पडलेला स्फटिक उचलला.

आत तिघं होती. वहिनी चहा ओतत होती. खुदोयार काहीतरी बोलला आणि तिघांनीही मान वर करून माझ्याकडं पाहिलं. निदान त्यांना तरी सांगावं, असं फार वाटलं. पण मी मोकळा हात खिशात घातला. तेव्हा तिथला मी उठला, जवळ आला, माझ्या डोळ्यांत डोळे घालून क्षणभर थांबला... आणि त्यानं खिडकीचा पडदा ओढून घेतला.

आता स्फटिकात तेवढाच दिसतो. हिरवा, पांढऱ्या ठिपक्यांचा. कधी कधी मागून दिवा लागतो.

वहिनीच्या घराला खिडकी नव्हती. चारही भिंती मी हातानं चाचपून पाहिल्या आहेत.