प्रोफेसरला न येणारं उत्तर

"कुत्रा. सत्त्याण्णव टक्के."

बार्बा मिकुलाने फोनवरचा निकाल एकदा वाचला, मग चष्मा पुसून पुन्हा वाचला, जणू दुसऱ्या वाचनात त्याचे शंभर होणार होते. बंदरावरच्या कॉफीच्या दुकानातल्या सगळ्यांच्या माना दाराकडे वळल्या. दारात बारा वर्षांची दिंका उभी होती. तिच्या पायाशी झूचो नावाचा पिवळट, हडकुळा कुत्रा जीभ काढून सावलीत पसरला होता. त्या बेटावर कुत्रे दोनच. दुसरा मिकुलाचाच, पण तो बहिरा आणि म्हातारा; त्याला स्वतःच्या ताटलीपर्यंत जायचाही कंटाळा. तेव्हा कुत्रा म्हटलं की कुठला, हे विचारायची गरज नव्हती.

वसंतापासून वरच्या कुरणात कोकरं मरत होती. मिकुला मेंढीवाल्यांच्या सोसायटीचा अध्यक्ष; लहानथोर त्याला बार्बा, म्हणजे काका, म्हणत. त्याने किनाऱ्यापलीकडच्या शहरातून एक यंत्र आणवलं होतं. कुरणाच्या दगडी भिंतीपाशी खांब, खांबावर कॅमेरा, आणि समोरून जाईल तो प्राणी कोणता, हे ते यंत्र आपलं आपण सांगायचं. लोकांनी त्याचं नाव 'प्रोफेसर' ठेवलं, कारण उत्तर देण्याआधी ते कधीच थांबत नसे. काल रात्री त्याला झुडपाआडून अर्धी पाठ आणि एक शेपटी दिसली होती, आणि सकाळी तिसरं कोकरू मेलेलं सापडलं होतं.

"झूचो रात्रभर माझ्या पायाशी झोपला होता," दिंका म्हणाली.

"तू जागी होतीस?"

"नाही. पण मला वाटतं..."

"तुला वाटतं," मिकुला म्हणाला. "प्रोफेसरला नुसतं वाटत नाही, पोरी. त्याला कळतं."

मग ठरलं ते असं. शनिवारच्या बोटीने जनावरांचे डॉक्टर येतील आणि कुत्र्याला पलीकडे घेऊन जातील. पलीकडे त्याचं पुढे काय होईल, ते कुणी बोललं नाही. कोपऱ्यात दिंकाचे आजोबा बसले होते. बार्तुल त्यांचं नाव, पण सगळं गाव त्यांना दिदे, म्हणजे आजोबा, म्हणे. कुत्रा त्यांचा, म्हणून सगळे त्यांच्या तोंडाकडे पाहू लागले. दिदेंनी टोपी उचलली, "न्या," एवढंच म्हटलं आणि ते निघून गेले.

दिंकाला तो एक शब्द फार लागला.

तिचे बाबा मालवाहू जहाजावर होते, आई उन्हाळाभर पलीकडच्या हॉटेलात स्वयंपाक करत होती, म्हणून सुट्टीत तिला इथे पाठवलं होतं. दिदेंचं घर गावाच्या अगदी टोकाला. आजी गेल्यापासून त्यांच्या तोंडाला कुलूप लागलं होतं. सकाळी ते जाळी विणत, दुपारी झोपत, संध्याकाळी समुद्राकडे बघत बसत. गावातल्या पोरांचे आपापले कंपू आधीच ठरलेले होते. दिंका धक्क्यावर गेली की पोरं पाण्यात उड्या मारत आणि ती काठावर बसून त्यांच्या चपला सांभाळत असल्यासारखी दिसे. दिवसभरात तिचं जे काही बोलणं व्हायचं, ते झूचोशी. तोच गेला तर मग बोलायचं कुणाशी, हा विचार मनात आला आणि तिला अंगणातल्या अंजिराखाली बसून खूप रडू आलं.

दुसऱ्या दिवशी दुपारी, सगळं बेट झोपलेलं असताना, फाटक वाजलं. त्या बेटावरची दुपारची झोप अशी, की चोर आला तर त्यालाही दोन घटका लवंडावंसं वाटेल. पण आलेली होती लुत्से, आणि तिच्या मागे तिचा धाकटा भाऊ श्पिरो. मेलेल्या कोकरांपैकी पहिलं लुत्सेचं होतं. तिने ते बाटलीने दूध पाजून वाढवलं होतं.

"मी भांडायला आलेय," लुत्से म्हणाली.

"भांड," दिंका म्हणाली. निदान कुणी आलं तरी, असं तिला वाटून गेलं.

पण समोर झूचो उताणा पडून श्पिरोकडून पोट खाजवून घेत होता. लुत्से त्याच्याकडे बघत राहिली. हा नक्की तोच का, असं तिने विचारलं. दिंकाने खरं ते सांगितलं, की आपल्याला तसं वाटत नाही, पण शपथ घेता येणार नाही, कारण आपण झोपलो होतो. लुत्सेला हे उत्तर आवडलं. गावात कालपासून सगळे छातीठोक बोलत होते. 'ठाऊक नाही' म्हणणारी ही पहिलीच.

"मग प्रोफेसरचीच परीक्षा घेऊ," श्पिरो म्हणाला. त्याला परीक्षा फक्त दुसऱ्याच्या आवडत.

कुरणाच्या वाटेवर मिकुलाची गाढवीण बांधलेली होती. तिचा दोर सोडून तिघांनी तिला वर नेलं आणि खांबासमोर उभं केलं. खांबावरच्या डब्याच्या छोट्या काचेवर अक्षरं उमटली.

"मेंढी. एक्क्याण्णव टक्के," लुत्सेने वाचलं.

"एवढ्या लांब कानांची?" श्पिरो म्हणाला. मग त्याने सदरा डोक्यावर ओढून चार पायांवर फेरी मारली. यंत्राने त्याला बकरी ठरवलं, तेही ऐंशी टक्के.

"आई रोज तेच म्हणते," लुत्से म्हणाली.

दिंका मात्र हसली नाही. ती काचेकडे बघत होती. गाढवीण, मुलगा, मुद्दाम समोर धरलेली टोपली, काहीही दाखवलं तरी यंत्र एकदाही अडखळलं नव्हतं. शाळेत एखाद्या मुलाला एकही उत्तर कधी अडत नसेल, तर तो हुशार तरी असतो, नाहीतर ठोकून देतो, हे तिला अनुभवाने ठाऊक होतं. डब्यावर इंजिनीयर बाईंचा नंबर चिकटवलेला होता. यासेन्का त्यांचं नाव. दिंकाने लुत्सेच्या फोनवरून तो लावला.

यासेन्काबाई जेवत होत्या. गाढविणीची गोष्ट ऐकून त्यांचं चावणं थांबलं. हसत हसत त्यांनी यंत्राची मेख सांगितली. "शंभर टक्के म्हणजे एक आख्खं कलिंगड समज. प्रोफेसरला ज्यांची नावं ठाऊक आहेत, त्यांच्यातच ते वाटून संपवायचं. समोरचा प्राणी ज्याच्यासारखा जास्त दिसतो, त्याला मोठी फोड. पण ज्याचं नावच ठाऊक नाही, त्याला फोड नाही. आणि कलिंगड उरवायची परवानगी नाही."

"मग नावं कुणी सांगितली?"

नावं मिकुलानेच सांगितली होती. बेटावर कोणकोण जनावरं आहेत, असं बाईंनी विचारलं, तेव्हा तो गाढविणीवर बसूनच बोटं मोजत होता. मेंढी, बकरी, मांजर, कुत्रा, माणूस. बुडाखालची गाढवीण तेवढी राहिली. काखेत कळसा, दुसरं काय! लांडगा, कोल्हा घालू का, असं बाईंनी मुद्दाम विचारलं होतं. त्यावर त्याने छाती काढून सांगितलं, की आमच्या बेटाला देवाने समुद्राची भिंत घातली आहे, असली घाण पलीकडे. बेटावरचे सगळेच हे म्हणतात, पोर बोलायला लागली की आधी हेच शिकते.

"कोल्ह्याला पोहता येतं का हो?" दिंकाने विचारलं.

"ते मला माहीत नाही," बाई म्हणाल्या. "आणि ऐक, मी मिकुलांना फोन करते. पण झूचो निर्दोष आहे, असं मी म्हणू शकत नाही. यंत्राला कळलेलं नव्हतं, एवढंच म्हणू शकते."

तिघं भिंतीवर बसून राहिली. खाली समुद्र रिकामा होता. एवढं कळूनही झूचो काही सुटला नव्हता.

"पण मग तो रोज संध्याकाळच्या घंटेला रडतो का?" लुत्से म्हणाली. "आम्ही चौकात असतो ना, चर्चची घंटा झाली की वरून आवाज येतो. आई म्हणते, दिदेंचा कुत्रा भेसूर रडायला लागला."

दिंकाने तिच्याकडे पाहिलं. "झूचो? घंटा झाली की तो टेबलाखाली जाऊन बसतो. आवाज मीही ऐकते. मला वाटायचं, गावातला कुठला कुत्रा असेल."

गावाला वाटे तो आवाज टोकाच्या घरातून येतो, आणि टोकाच्या घराला वाटे तो गावातून येतो. दोघांनी एकमेकांना विचारलं असतं तर केव्हाच उलगडा झाला असता. पण टोकाच्या घरी जातं कोण? त्या संध्याकाळी दिंकाने टेबलाखाली बसून झूचोचं तोंड दोन्ही हातांत धरलं. घंटा झाली, आणि डोंगरावरून तो लांबलचक आवाज आला. झूचो नुसता थरथरत होता.

तिघांनी जाऊन मिकुलाला सांगितलं, की घंटेला रडतो तो झूचो नव्हे, कोल्हा असेल. त्याने ऐकून घेतलं, म्हणजे तोंड त्यांच्याकडे ठेवलं. इंजिनीयर बाईंचाही फोन आला होता म्हणे. शहरातल्या माणसांना बेटांची काय अक्कल! आणि तीन पोरं एक झाली की एकाच गोष्टीच्या तीन साक्षी देतात, हे त्याला चांगलं माहीत होतं. डॉक्टरांना कळवलं ते कळवलं.

शनिवारी दक्षिणेचा वारा सुटला. बोट आली, पण समुद्र चढायच्या आत परतायचं म्हणून कप्तान घाई करू लागला. मुलांनी विनवूनही संध्याकाळच्या घंटेपर्यंत थांबायला तो तयार नव्हता. डॉक्टरांनी झूचोला पिंजऱ्यात घातलं. तो मुकाट्याने आत गेला आणि जाळीतून दिंकाकडे पाहू लागला. धक्क्यावर सगळं गाव होतं, आणि तरीही दिंकाला इतकं एकटं कधी वाटलं नव्हतं. दिदे लांब, दोरांच्या ढिगापाशी उभे होते.

तेवढ्यात लुत्से तिच्या कानात म्हणाली, "श्पिरो कुठे गेला बघ."

आणि घंटा वाजली, भर दुपारी. अवेळी घंटा म्हणजे आग, असा तिथला नियम. धक्क्यावरचे, बोटीवरचे सगळे चौकाच्या दिशेने बघू लागले. घंटा थांबली. सगळे कान देऊन उभे राहिले, पण डोंगरावरून काहीच आलं नाही, वारा तेवढा वाहत होता.

"कार्टं मनोऱ्यावर चढलंय," मिकुला ओरडला. "खाली उतर! कुठे आहे तुमचा कोल्हा?"

दिंका पुढे झाली. "उत्तर आलं नाही म्हणजे तिथे कुणी नाही, असं होत नाही, बार्बा. झोपला असेल. वाऱ्याने ऐकू गेलं नसेल. मला नक्की माहीत नाही. पण तुम्हालाही माहीत नाही."

मग दोरांपाशी कुणीतरी घसा साफ केला.

"श्पिरो," दिदेंनी हाक मारली. इतक्या महिन्यांत त्यांचा एवढा मोठा आवाज गावाने ऐकला नव्हता. "आणखी एकदा वाजव. जोरात."

श्पिरो दोराला लोंबकळलाच. घंटा घणघणली आणि थांबली. आणि मग वरच्या कुरणापलीकडून तो आवाज आला, आधी बारीक, मग चढत चढत, शेवटी तुटक रडल्यासारखा. सगळ्यांनी आधी डोंगराकडे पाहिलं, मग पिंजऱ्याकडे. झूचो कान पाडून, तोंड मिटून, कोपऱ्यात दबून बसला होता.

"ही कोल्हेकुई," डॉक्टर म्हणाले. "आमच्याकडे रोज ऐकतो. घंटेला, भोंग्याला हटकून ओरडतो तो. आणि पोहतो कसा म्हणता! ही सामुद्रधुनी म्हणजे त्याला किस झाड की पत्ती." त्यांनी खाली वाकून पिंजऱ्याचं दार उघडलं.

मिकुलाने टोपी काढली आणि ती कुठे ठेवावी हे न सुचून हातातच फिरवत राहिला. मग सगळ्यांसमोर तो दिंकाला म्हणाला, "पोरी, तुझं वाटणं माझ्या कळण्यापेक्षा चांगलं निघालं." तिघांना त्याने लिंबू सरबत पाजलं. श्पिरोचा कान धरायला गेलेला हात त्याच्या पाठीवर थाप मारून परत आला. डॉक्टर पुढच्या खेपेला सापळा आणून कोल्ह्याला पलीकडच्या रानात सोडणार होते, तोवर कोकरं रात्री गोठ्यात ठेवायची, असं ठरलं. म्हातारी मंडळी येता-जाता दिंकाच्या डोक्यावर हात ठेवू लागली. तिला मात्र राहून राहून त्या कोल्ह्याचं वाईट वाटत होतं. आख्ख्या बेटावर त्याच्या जातीचं दुसरं कुणी नव्हतं, आणि तो आपला घंटेलाच हाका मारत होता.

पुढच्या आठवड्यात यासेन्काबाई आल्या. त्यांनी प्रोफेसरला कोल्हा शिकवला, गाढवीण शिकवली, आणि कलिंगडाची एक फोड कुणालाच न देता बाजूला ठेवायलाही शिकवलं. ती फोड सगळ्यांत मोठी झाली तर यंत्राने काय म्हणावं, हे त्यांनी दिंकालाच विचारलं. दिंकाने थोडा वेळ विचार करून सांगितलं, आणि बाईंनी तसंच घातलं.

दोन-चार दिवसांनी, उन्हं कलताना, मुलं धक्क्यावर पोहत होती. दिंकाही पाण्यात होती. मिकुला फोन हातात धरून दुकानातून बाहेर आला. निकाल त्याने मोठ्याने वाचला, या वेळी एकदाच.

"माहीत नाही. कुणीतरी येऊन बघा."

तिघं ओल्या अंगानेच डोंगर चढली. भिंतीपाशी पोचल्यावर लुत्सेने श्पिरोचा हात धरून त्याला मागे ओढलं.

खांबासमोर, दगडी भिंतीला टेकून दिदे जमिनीवर बसले होते. झूचो त्यांच्या मांडीवर होता आणि त्यांनी त्याला दोन्ही हातांनी कवटाळून त्याच्या मानेत तोंड खुपसलं होतं. माणूस कुठे संपतो आणि कुत्रा कुठे सुरू होतो, हे यंत्राला कळणं शक्यच नव्हतं. त्यांचे खांदे हलत होते.

दिंका एकटीच पुढे गेली.

"मलाही माहीत नव्हतं गं," दिदे मान वर न करता म्हणाले. "पण सगळे माझ्याकडे बघत होते. माहीत नाही म्हणायची लाज वाटली, आणि मी 'न्या' म्हणून बसलो."

काय बोलावं, ते दिंकाला सुचेना. तसं तिने सांगून टाकलं आणि ती त्यांना चिकटून बसली.