चितेगावच्या शेडमधली परांची

“माझ्या दादाचं काय राहिलं होतं?”

सांडूनं हे दहाव्याला जमलेल्या एकेकाला विचारलं.  पिंड ठेवून दुपार झाली, कावळे झाडावर बसून होते, एकही खाली उतरला नाही. शेवटी दर्भाचा कावळा करून भागवलं.

पोरांनो, सिल्लोडचा हा सांडू माझ्या चांगल्या ओळखीचा. मी सांगतो ते त्यानं मला स्वतः सांगितलेलं आहे. दिवा राहू द्या तसाच. बसा.

त्याचा मोठा भाऊ बद्रीनाथ. सिल्लोडला दुकानांच्या पाट्या रंगवायचा, गणपतीत देखावे करायचा. मग मुंबईला गेला. सिनेमावाल्यांची रंगाची डबडी उचलली, आणि पंधरा वर्षांनी पडद्यावर त्याचं नाव यायला लागलं, प्रॉडक्शन डिझायनर म्हणून. सिनेमातलं घर, गल्ली, दुकान कसं दिसावं ते सगळं तो ठरवायचा. नवी भिंत उभी करून तो चहाच्या पाण्याचा बोळा फिरवायचा, तोही बरोबर जिथं माणसांचे हात लागतात तिथंच. आईला कुणी विचारलं, पोरगा काय करतो, तर ती म्हणायची, “चांगल्या भिंती मळवतो, बया.”

गेल्या थंडीत त्याला चितेगावात काम मिळालं. बंद कारखान्याच्या शेडमध्ये अख्खं घर उभं करायचं होतं. त्यानं फोन करून सांडूला बोलावलं.

“ये हाताखाली. दहावी नापास म्हणून किती दिवस मक्याच्या गाड्या हाकशील?”

“तुम्हा सिनेमावाल्यांची खोटी घरं तुम्हालाच लखलाभ,” सांडू म्हणाला, आणि रागात फोनच बंद करून जळगावकडं गाडी घेऊन गेला.

त्याच रात्री दहाला बद्रीनाथ परांचीवरून पडून जागीच गेला. दुसऱ्या दिवशी सांडू गावी पोचला तेव्हा चिता पेटलेली होती. सख्ख्या भावाला खांदा द्यायचा राहून गेला. तेव्हापासून त्याच्या घशाखाली घास उतरत नव्हता.

दहाव्याच्या दुसऱ्या दिवशी आई, सारजाबाई, म्हणाली, “त्याची हत्यारं तिथंच हायेत. घेऊन ये. अन् बघ, काय राहिलंय त्याचं.”

गुरुवार होता. अमावास्या. पैठण रोडनं सांडू फटफटीवर शेडपाशी पोचला तेव्हा पावणेदहा झाले होते. फाटकावर फकिरा नावाचा म्हातारा राखणदार शेकोटीपाशी बसला होता.

“कोण हाय?”

“बद्रीनाथचा भाऊ. हत्यारं न्यायला आलोय.”

“दिवसा याचं की रं.”

“दिवसा भाडं होतं, काका.”

फकिरानं चावी काढली. दिली मात्र नाही.

“लई चांगला माणूस होता. मला रोज बिडी द्याचा अन् वर म्हणायचा, सोडून दे.” म्हातारा थोडं हसला. मग शेकोटीत एक काटकी सारली. “हितं एक नेम असतोय, पोरा. काम संपलं की मोठ्यानं पॅकअप म्हणत्यात. ते ऐकल्याबिगर कुणी जागा सोडत नाय. त्या रात्री माणूस पडला अन् समदे गाड्यांत बसून पळाले. पॅकअप कुणी म्हणलंच नाय.”

“मग?”

“मग काय... दहा वाजले की परांचीवर कुणीतरी चढतंय.”

सांडूनं त्याच्या हातातली चावी ओढून घेतली. विचार करणं त्याच्या स्वभावातच नव्हतं.

आत मोबाईलच्या उजेडात घर दिसलं. तीनच भिंती. चौथ्या बाजूला अंधार. भिंतीला टेकून बांबूची उंच परांची. वीज कधीच तोडलेली.

दहा वाजले.

वर एक बांबू करकरला.

“दादा?”



मग परत करकर... एक पाऊल. आणखी एक. ओला बोळा भिंतीवर फिरल्याचा आवाज. उजेड वर धरायला सांडूचा हात उठेना.

“दादा, मी आलोय रं...”

बोळा थांबला.

 सांडूनं जीव एकवटून हाक दिली, “पॅकअप!”

मोबाईल विझला.

आणि अंधारात कामाला सुरुवात झाली. गाठी सुटत होत्या. बांबू उतरत होते. एकाचं काम नव्हतं ते. पण कुणी बोलत नव्हतं. खोकत नव्हतं. श्वाससुद्धा... नाही.

सांडू भिंतीला पाठ लावून उभा.

किती वेळ, त्याला सांगता येत नाही.

मग सगळं थांबलं.

दारातून शेकोटीचा अंधुक उजेड येत होता. परांची नव्हती. बांबू एका अंगाला ओळीनं रचलेले. त्यातले दोनच वेगळे काढून मधोमध ठेवले होते. त्यांवर आडव्या कामट्या. काथ्यानं आवळलेल्या.

तिरडी.

सांडूनं तिच्यावरून हात फिरवला. रिकामी होती. तो खाली बसला, पुढच्या टोकाला खांदा लावला आणि उठला.

खांदा दबला. माणसाच्या वजनानं दबतो तसा.

त्यानं मागं बघितलं नाही. रडत, पाय ओढत, त्यानं ती तिरडी शेडमधून फाटकापर्यंत नेली.

मधल्या वाटेवर घोटाभर धूळ होती. पहाटे फकिरानं हातातला कंदील खाली ठेवला आणि वाकून नीट बघितलं. पावलं एकट्या सांडूची होती. मागचे बांबू जमिनीवरून घासल्याची रेघ मात्र कुठंच नव्हती.