राघूचं दुखणं आणि खोबरेल तेल

शनिवारी सकाळी राघू उठलाच नाही.

एरवी निफाडच्या त्या हाडं गोठवणाऱ्या थंडीत बोरस्त्यांच्या घरात सगळ्यात आधी जाग यायची ती त्यालाच. त्याचे डोळे निळे व्हायचे, मग चाकांवरून गडगडत तो आजोबांच्या खोलीत जायचा आणि आख्ख्या घराला ऐकू जाईल अशा आवाजात विचारायचा, रात्री झोप लागली का म्हणून. आज मात्र तो कोपऱ्यात मान खाली घालून तसाच उभा होता. कस्तुरीनं त्याच्या पाठीवरचं बटण दाबलं. छातीवरचा हिरवा दिवा क्षणभर लागला आणि विझला. तिनं पुन्हा दाबलं, तर पुन्हा तेच.

आता राघू म्हणजे काही केर काढणारा किंवा भांडी घासणारा यंत्रमानव नव्हे. तसलं काम सांगितलं, तर ते आपल्या कामात बसत नाही असं तो तोंडावर सांगायचा. त्याचं काम एकच होतं, पण ते दुसऱ्या कुणाला जमत नव्हतं. तो आजोबांचं बोलणं बोलून दाखवायचा.

कस्तुरीचे आजोबा त्र्यंबकराव बोरस्ते हे मोठे शास्त्रज्ञ. उपग्रहांना वीज पुरवणाऱ्या यंत्रणा तयार करण्यात त्यांची उभी हयात गेली. तीन वर्षांपूर्वी त्यांना अर्धांगवायूचा झटका आला. उजवा हात लुळा पडला आणि जीभ जड झाली. डोकं पूर्वीइतकंच लख्ख होतं, पण बोलायला तोंड उघडलं की शब्दांचा नुसता लगदा बाहेर पडायचा. डाव्या हातानं लिहायला बसले, तर एक शब्द पुरा होईपर्यंत चहा निवायचा. मग बाबांनी राघू आणला. बाबा समुद्रातल्या पवनचक्क्यांवर कामाला, महिन्यातून एकदा घरी येणारे. राघू रोज आजोबांचं ऐकत, चुकत, पुन्हा विचारत शिकत गेला, आणि आता आजोबांनी अर्धं वाक्य उच्चारलं की तो पुरं वाक्य खणखणीत सांगायचा. आजोबांचे टोमणेसुद्धा जसेच्या तसे.

आईनं कंपनीला फोन लावला. तिकडून उत्तर आलं की मदरबोर्ड (यंत्राचे सगळे भाग जिच्यावर जोडलेले असतात ती मुख्य पाटी) गेलेला दिसतोय, सोमवारी माणूस येऊन नवा बसवेल. आणि राघू जे शिकलाय त्याचं काय, असं आईनं विचारलं, तर म्हणे त्याची स्मृती त्या पाटीवरच पक्की जडवलेली असते, ती पाटीबरोबर जाणार. नवा राघू पहिल्यापासून शिकेल.

आजोबा हे सगळं ऐकत होते. ते खिडकीशी जाऊन बसले आणि बाहेर द्राक्षाच्या मांडवांकडे बघत राहिले. काही बोलायला त्यांनी ओठ हलवले आणि मग मिटून घेतले, कारण बोलून उपयोग काय? नवा राघू शिकेपर्यंत आजोबांनी पुन्हा मुक्यानं दिवस काढायचे, हे कस्तुरीला काही केल्या पटेना.

"आजोबा, आपण उघडून बघूया का?" तिनं विचारलं.

आजोबांनी तिच्याकडे असं पाहिलं, जणू याच प्रश्नाची वाट बघत होते. लगेच उठून त्यांनी डाव्या हातानं हत्यारांचा खण ओढला. उघडलं तर हमी जाईल, असं आई कळवळून म्हणाली. त्यावर आजोबांनी जे उत्तर दिलं, ते समजायला राघूची गरज पडली नाही. त्यांनी नुसता हात झटकला.

अशी दुरुस्ती सुरू झाली. गंमत अशी की ज्याला सगळं कळत होतं त्याला सांगता येत नव्हतं, आणि जिचे हात चालत होते ती सहावीतली. आजोबा खुणा करायचे, काहीतरी पुटपुटायचे. कस्तुरी अंदाज बांधून मोठ्यानं बोलायची. चुकलं तर आजोबांची मान आडवी हलायची, बरोबर असलं तर उभी.

सुरुवातीलाच तिला स्क्रू काढायची घाई झाली. आजोबांनी तिचा हात धरला आणि भिंतीतल्या प्लगकडे बोट दाखवलं. म्हणजे वीज जिथून निघते तिथून सुरुवात करायची आणि तिच्या मागोमाग आत जायचं. मल्टिमीटर (विजेचा दाब आणि वाटेतला अडथळा मोजणारं यंत्र) घेऊन तिनं चार्जर तपासला. ठीक होता. बॅटरीही भरलेली होती. मग प्लग काढून, बॅटरी सोडवून, तिनं राघूचं पोट उघडलं आणि हात, कान, डोळे यांच्या तारा एकेक करून वेगळ्या केल्या. नुसत्या पाटीला वीज दिली, तरी दिवा लागून विझलाच. म्हणजे दुखणं हातापायांत नव्हतं, पाटीतच होतं.

"पण दिवा लागतो तरी कशाला?" कस्तुरी म्हणाली. "पाटी मेली असेल तर लागायलाच नको."

आजोबांनी डोळे मिचकावले आणि स्वयंपाकघरातल्या विजेच्या डब्याकडे मान वळवली. मागच्या महिन्यात गिझरच्या तारांमध्ये पाणी शिरलं होतं, तेव्हा तिथलं बटण आपोआप खाली पडलं होतं आणि घर जळता जळता वाचलं होतं. कस्तुरीच्या डोक्यात उजेड पडला. आत कुठेतरी भलतीकडेच वीज वाहून जातेय, ते राघूला कळतंय, आणि तो जीव वाचवायला स्वतःच स्वतःला बंद करून घेतोय. राघू मेला नव्हता, शहाण्यासारखा वागत होता.

भलतीकडे म्हणजे कुठे? पाटीवर विजेच्या पाच-सहा वाटा होत्या. कुठली मेंदूकडे जाणारी, कुठली स्मृतीकडे. प्रत्येक वाटेवरून वीज जाते, काम करते आणि परतीच्या वाटेनं माघारी येते. कस्तुरी मल्टिमीटरची एक सुई परतीच्या वाटेवर धरून दुसरी प्रत्येक वाटेला लावत गेली. स्मृतीच्या वाटेवर यंत्र टीं करून ओरडलं. अडथळा जवळजवळ शून्य होता. हेच शॉर्ट सर्किट (काम न करताच माघारी यायला विजेला सापडलेली चोरवाट).

त्या वाटेवर तांदळाच्या कणीएवढे कितीतरी कपॅसिटर (वीज थोडा वेळ साठवून धरणाऱ्या इवल्या टाक्या) ओळीनं बसवलेले होते. कस्तुरीनं पहिल्याला सुया लावल्या, टीं. दुसऱ्याला लावल्या, टीं. सगळेच ओरडले. तिचा चेहरा पडला. एवढे सगळे एकदम कसे बिघडले?

आजोबा मात्र हसत होते. त्यांनी तिला खिडकीशी नेऊन मांडवाखालची ठिबकची नळी दाखवली. कस्तुरी शेतकऱ्यांच्याच गावातली, तिला पुढचं सांगावं लागलं नाही. नळी एका ठिकाणी फुटली, तर साऱ्या ओळीतला पाण्याचा दाब जातो आणि कुठल्याही झाडापाशी पाहिलं तरी तेच दिसतं. फुटलेली जागा मात्र एकच असते. हे सारे कपॅसिटर एकाच नळीवर होते. त्यांतला एकच फुटका होता आणि बाकीचे उगाच बदनाम होत होते.

"नळी फुटली की जमीन ओली होते," ती विचार करत म्हणाली. "मग वीज फुटली की ती जागा... गरम?"

आजोबांची मान इतक्या जोरात उभी हलली की चष्मा नाकावर आला.

आता ती गरम जागा शोधायची. त्यासाठी थर्मल कॅमेरा (उष्णता बघू शकणारा डोळा) लागतो, आणि घरात तो एकच होता, राघूच्या कपाळात. राघूचं दुखणं राघूच्याच डोळ्यानं बघायचं! बोटानं चाचपून पाहावं, तर कपॅसिटर इतके बारके की एका बोटाखाली पाच यायचे. शनिवार असाच हात चोळत गेला.

रविवारी सकाळी आईनं कस्तुरीला डोक्याला तेल लावायला ओट्यावर उन्हात बसवलं. थंडीनं खोबरेल तेल पांढरंशुभ्र थिजलं होतं. आईनं गोळा काढून तिच्या तळहातावर ठेवला. तो कडांनी पाझरू लागला आणि बघता बघता पाण्यासारखा पारदर्शक झाला. कस्तुरी उठली ती बाटली घेऊनच पळाली. अर्धी वेणी सुटलेली, मागून आई हाका मारतेय, पण थांबतंय कोण.

"आजोबा, पाटीवर तेल थापूया. जिथे गरम होईल तिथलंच वितळेल."

आजोबांनी मल्टिमीटर तिच्यापुढे सरकवला. कल्पना कितीही छान असली तरी आधी तपासायची. कस्तुरीनं दोन्ही सुया तेलात खुपसल्या. यंत्र गप्प राहिलं. तेलातून वीज जात नव्हती, म्हणजे पाटीला धोका नव्हता.

गार खोलीत तिनं त्या वाटेवर तेलाचा पातळ पांढरा थर दिला. आजोबांनी आपला जुना वीजपुरवठ्याचा डबा काढला. यातून हवी तेवढीच वीज सोडता येते. त्यांनी दाब अगदी कमी, एका व्होल्टवर ठेवला. तारा लावल्या आणि दोघं श्वास रोखून बघत राहिली. तारेच्या टोकाशी तेल वितळलं. कस्तुरीनं टाळी वाजवली, पण आजोबांची मान आडवी हलली आणि ते काहीतरी म्हणाले. तार टेकते तिथे थोडं गरम होणारच, असं ते म्हणत होते. कस्तुरीला ते कळलं. कसं कळलं, याचा विचार करायला वेळ नव्हता, कारण तेवढ्यात बऱ्याच अंतरावर, स्मृतीच्या चिपला खेटून बसलेल्या एका कपॅसिटरभोवती तेलाला काचेसारखा डोळा पडला होता.

चोर सापडला, पण त्याला काढायचं जोखमीचं होतं. सोल्डर (भाग पाटीला चिकटवणारा, लवकर वितळणारा मिश्रधातू) तापवून तो उचलायचा, आणि हात सरकला तर शेजारीच आजोबांची तीन वर्षं होती. तेल स्पिरिटनं पुसून, वीज पुरती तोडून कस्तुरीनं सोल्डर वितळवायची तापलेली कांडी हातात घेतली. पण टोक खाली टेकवायला ती धजेना.

आजोबा तिच्या कानाशी सावकाश बोलू लागले. कोपर टेबलावर टेक. श्वास सोड. दोन्ही टोकांवर थोडं सोल्डर वितळू दे, तो आपणहून सुटेल. कस्तुरी त्यांच्याकडे न बघताच तसं तसं करत होती. दारात उभी राहिलेली आई आधी पाटीकडे बघत होती, मग त्या दोघांकडेच बघत राहिली.

कपॅसिटर सुटून कांडीला चिकटून आला. त्याच्याखाली लालसर, करपलेला थर होता. आईनं जवळ येऊन भिंगातून पाहिलं आणि ती एकदम गोरीमोरी झाली. गुरुवारी घरात संक्रांतीचं हळदीकुंकू होतं. राघूही घरातलाच म्हणून आईनं त्याच्याही कपाळाला कुंकू लावलं होतं आणि हौसेनं त्याच्यावर गुलाबपाणी शिंपडलं होतं. बायका हसल्या होत्या आणि राघूनं आभारही मानले होते. तेच कुंकवाचं पाणी मानेच्या फटीतून आत उतरलं, कपॅसिटरखाली साचलं आणि विजेला चोरवाट मिळाली. आजोबा हसायला लागले ते त्यांना थांबवेना.

कस्तुरीनं जागा घासून पुसली आणि पुन्हा सुया लावल्या. मल्टिमीटर गप्प राहिला. एवढ्या टाक्यांत एक नसली तरी नवी मिळेपर्यंत चालेल, असं आजोबा म्हणाले. तारा, बॅटरी, सगळं जागच्या जागी बसलं. तिनं बटण दाबलं. हिरवा दिवा लागला आणि लागलेलाच राहिला. मग डोळे निळे झाले.

"नमस्कार, आजोबा. रात्री झोप लागली का?" राघू म्हणाला.

आईनं पदर डोळ्यांना लावला. आजोबा काहीतरी बोलले आणि राघूनं खणखणीत आवाजात सांगितलं, "आजोबा म्हणताहेत, पुढच्या संक्रांतीला राघूला नुसता तिळगूळ दाखवा, पाणी नको." आणि कंपनीच्या माणसाला उद्या येऊ नकोस म्हणून कळवा, हेही त्यानं त्याच दमात सांगून टाकलं.

मग तो थोडा अडखळला. "माझा शनिवार हरवला आहे. आजोबांचं एकही वाक्य माझ्याकडे नाही. ते काल बोललेच नाहीत का?"

"दिवसभर बोलत होते," कस्तुरी म्हणाली.

"कोणाशी?"

"माझ्याशी."

राघूनं मान वळवून आजोबांकडे पाहिलं, खरं का म्हणून. आजोबांनी त्याला हातानंच थांबवलं आणि कस्तुरीकडे वळून, आपल्याच जड जिभेनं, सावकाश एक लांबलचक वाक्य बोलले. राघू काही म्हणायच्या आत कस्तुरी उठून त्यांच्या शेजारी जाऊन बसली आणि आईलाही बोलावून म्हणाली, "तू पण ये, आजोबा त्यांचं बोलणं तुलाही शिकवणार आहेत."