झुकावाची रेघ

२०७१ मध्ये पडद्यावर खोटं नातं नाचवायची सोय उरली नव्हती. झुकावपट नावाचं यंत्र आलं होतं. दोन माणसं जवळजवळ नाचली, की ज्याला दुसऱ्याची काळजी असते त्याचं अंग दुसऱ्याचा तोल जायच्या आधीच तिकडे कलतं. डोळ्याला दिसणार नाही इतकं. त्याचा कॅमेरा ते टिपायचा आणि पडद्यावर एकाकडून दुसऱ्याकडे केशरी रेघ काढायचा. रेघ नसली की प्रेक्षक चित्रपट पाडत. माणूस ओळखायला यंत्र लागावं, ही त्या काळाची अक्कल!

लावणी नाचणारी बायजाक्का आणि तिची मुलगी मोहर स्टुडिओत आल्या त्या मायलेकी म्हणून नाचायला. मोहर तिशीची. जन्मभर तिनं आईला ‘अक्का’च म्हटलं होतं. संगीतबारीतली रीत. या चित्रपटात ती पहिल्यांदा चारचौघांत ‘आई’ म्हणणार होती.

नाच झाला. यंत्र बनवणाऱ्या डॉ. लोटलीकरांनी पडदा पाहिला.

"मोहरकडून रेघ आहे. तुमच्याकडून नाही."

"चष्मा पुसा की बाई," अक्का म्हणाली.

"तीनदा पाहिलं. यंत्राच्या लेखी तुम्ही परक्या."

"परकी? नाचणारीला पोर आहे म्हटलं की बघणाऱ्यांची नजर पोरीवर जाती. म्हणून स्टेजवर मी हिच्याकडं कधी वळले नाही. सात वर्षांची असताना ही नाचता नाचता पडली, दात तुटला. मी गिरकी मोडली नाही. अंगाला दावणीला बांधलंय मी! तुमच्या डब्याला काय कळतंय?"

"काहीच नाही. तो माया मोजत नाही, अंगाची सवय मोजतो."

"मग सांगा लोकांना तसं."

"सांगून बघितलं. लोकांना रेघच पाहिजे."

मोहरची नजर पडद्यावरून हलली नव्हती. "तेव्हा तुझं अंगसुद्धा कललं नाही?"

"तुझ्यासाठीच ना गं."

"माहीत होतं. आज सकाळपर्यंत तेवढं पुरत होतं."

"पुन्हा घ्या," अक्कानं पदर खोचला. "कशी येत नाही बघते."

ढोलकी सुरू झाली. तिसऱ्या गिरकीला अक्काचा गुडघा दगा देऊन गेला. मोहर हातभर अंतरावर होती. हात द्यायच्या आधी तिनं मान वळवली आणि पडद्यावर अक्काकडून रेघ आली का ते पाहिलं.

अक्का धाडकन जमिनीवर आदळली.

पडद्यावर आता एकही रेघ नव्हती.